कंत्राट रद्द झाले, पण पोडावरच्या बाळाचे काय?

सरकारी पुरवठ्याचे कंत्राट रद्द झाले की बातमीत दोनच पक्ष दिसतात, ठेकेदार आणि शासन. कोर्टात वकीलही बहुधा त्यांचेच उभे राहतात. ज्याच्या तोंडचा घास त्या कंत्राटावर अवलंबून आहे, तो पक्षकार नसतो. यवतमाळ जिल्ह्यातील झरी-जामणी, मारेगाव, पांढरकवडा भागातल्या कोलाम पोडावरच्या बाळाला ना निविदा ठाऊक, ना स्थगिती. म्हणूनच हा ठेकेदारांचा आपसातला वाद समजून चळवळीने सोडून देऊ नये, असे आम्हांस वाटते.

अंगणवाडीतून सहा महिने ते तीन वर्षांची बालके, गरोदर व स्तनदा माता यांना घरी नेण्यासाठी ‘टीएचआर’ची पाकिटे मिळतात. ७ ऑक्टोबर २००४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अन्नाच्या हक्काच्या खटल्यात बजावले होते की, अंगणवाडीच्या आहारपुरवठ्यात ठेकेदार नकोत. गावसमाज, बचत गट, महिला मंडळे यांना पुढे करा. महाराष्ट्रात काय घडले? मार्च २०१६ मध्ये निविदा निघाली ती खऱ्याखुऱ्या बचत गटांना दारातच अडवणाऱ्या अटी घेऊन! वैष्णोराणी महिला बचत गट थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढला. २०१९ मध्ये न्यायालयाने ती प्रक्रियाच रद्द केली, अटी मोठ्या उद्योगांच्या सोयीच्या असल्याचा ठपका ठेवला आणि नव्याने निविदा काढण्यास सांगितले. सुमारे ६,३०० कोटी रुपयांची ती कंत्राटे होती.

विजय झाला खरा. पण निविदेपासून निकालापर्यंत जवळजवळ तीन वर्षे गेली. निविदा निघाली तेव्हा सहा महिन्यांचे असलेले बाळ निकालाच्या दिवशी टीएचआरच्या वयातूनच बाहेर पडले होते. त्याला कोणते न्यायालय काय परत देणार?

निविदेत ‘जात’ हा शब्द कुठेच नसतो. असतात त्या अटी: उलाढाल, अनुभव, यंत्रसामग्री, अनामत रक्कम. ज्यांना पिढ्यान् पिढ्या भांडवल जमवूच दिले नाही, त्यांच्याकडे कोट्यवधींची उलाढाल मागायची आणि मग ‘पात्र कोणी आलेच नाही’ म्हणायचे, ही जुनीच चाल आहे. बाबासाहेबांनी ती ओळखली होती. १९४२ साली व्हाइसरॉयना दिलेल्या निवेदनात त्यांनी नोकऱ्या व शिक्षणासोबत सरकारी कंत्राटांचाही प्रश्न मांडला. केंद्राच्या खरेदी धोरणात अनुसूचित जाती-जमातींच्या उद्योजकांसाठी ४ टक्क्यांचे लक्ष्य आले ते २०१२ मध्ये. सत्तर वर्षांनी!

आपल्या बचत गटांनी कायदाही समजून घ्यावा. शासनाला कंत्राट रद्द करण्याचा अधिकार आहे, मनमानी करण्याचा नाही. मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेचा वाद १९७९ मध्ये निकाली काढताना सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, सरकारने पात्रतेचे निकष जाहीर केले की ते सरकारवरही बंधनकारक असतात. म्हणणे मांडण्याची संधी न देता कोणालाही काळ्या यादीत टाकता येत नाही, हे १९७४ पासून ठरलेले आहे. मात्र साहेबांच्या तोंडी शब्दावर माल भरू नका. संविधानाच्या कलम २९९ नुसार सरकारी करार लेखीच लागतो. तरीही माल शासनाने घेतला आणि वापरला, तर करार कायदा, १८७२ च्या कलम ७० खाली त्याचा मोबदला मागता येतो. त्यासाठी पोच पावती जपून ठेवा. रद्द केल्याची कारणे माहिती अधिकारात मागा.

परंतु निकालानंतर जल्लोष करण्यापेक्षा निविदा निघते त्या दिवशीच जागे राहणे महत्त्वाचे. अटी मराठीत ग्रामपंचायतीच्या फलकावर लावा. राज्यभराची मोठी कंत्राटे नकोत, तालुक्याच्या गटांना झेपतील एवढी लहान कामे काढा. कंत्राट रद्द झाल्यास दुसऱ्या दिवसापासून आहार कोण देणार, हे निविदेतच लिहा. या तीन मागण्या घेऊन यवतमाळच्या कार्यकर्त्यांनी जिल्हा परिषदेच्या दारात उभे राहावे. ठेकेदारासाठी वकील आहे, शासनासाठीही आहे. पोडावरच्या बाळाची बाजू चळवळीने मांडली नाही, तर कोण मांडणार?