जुने डॉस खेळ नव्या संगणकावर : एम्युलेटर आणि फ्रंटएंडची मांडणी

१९९० च्या दशकात भारतातील घरांमध्ये, शाळांमध्ये आणि संगणक शिकवणी वर्गांमध्ये जे संगणक दाखल झाले, त्यांतील अनेकांवर ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ आणि ‘डेंजरस डेव्ह’ हे दोन खेळ आढळत. त्या काळच्या फ्लॉपी किंवा फायली ज्यांनी जपून ठेवल्या आहेत, त्यांना आज त्या नव्या संगणकावर थेट चालविता येत नाहीत. ६४ बिट विंडोजमध्ये १६ बिट डॉस प्रोग्रॅम चालविण्याची सोय नाही आणि विंडोज ११ केवळ ६४ बिट स्वरूपातच उपलब्ध आहे. फाईल शाबूत असूनही खेळ बंद पडतो तो या कारणाने.

या अडचणीवरील उपाय म्हणजे एम्युलेटर. जुन्या यंत्राचे वर्तन हुबेहूब वठविणाऱ्या प्रोग्रॅमला एम्युलेटर म्हणतात. डॉस खेळांसाठी २००२ पासून विकसित होत आलेला ‘डॉसबॉक्स’ हा सर्वाधिक परिचित एम्युलेटर असून तो विनामूल्य आहे. ‘डॉसबॉक्स स्टेजिंग’ आणि ‘डॉसबॉक्स-एक्स’ या त्याच्या नव्या शाखाही उपलब्ध आहेत. फ्रंटएंड हा यावरचा थर होय. खेळांची यादी, वेष्टनाचे चित्र, प्रकाशनाचे वर्ष आणि प्रत्येक खेळाची मांडणी तो एका ठिकाणी ठेवतो आणि क्लिक होताच योग्य सूचनांसह एम्युलेटरला कामाला लावतो. ग्रंथालयातील सूचीपत्राशी त्याची तुलना करता येईल. सूची कितीही देखणी असली, तरी कपाटातील ग्रंथ वाचण्याजोगा नसेल तर तिचा उपयोग नाही.

म्हणूनच क्रम महत्त्वाचा ठरतो. अनेक जण आधी आकर्षक फ्रंटएंड बसवितात, त्यात शेकडो नावे भरतात आणि मग एकेक खेळ का चालत नाही याचा शोध घेत बसतात. त्याऐवजी एकच खेळ निवडून तो नुसत्या एम्युलेटरमध्ये समाधानकारक चालवून पाहावा आणि त्यानंतरच फ्रंटएंडकडे वळावे, हे श्रेयस्कर.

पहिले काम फोल्डरचे. डॉसमध्ये फाईलचे नाव आठ अक्षरांचे आणि त्यापुढील विस्तार तीन अक्षरांचा असे. फोल्डरला लांबलचक नाव दिल्यास डॉसबॉक्स ते तोडून दाखवितो आणि गोंधळ होतो. सर्व खेळांसाठी एक मुख्य फोल्डर आणि त्यात प्रत्येक खेळाचा आखूड नावाचा स्वतंत्र फोल्डर, ही रचना पुरेशी आहे. डॉसबॉक्स सुरू केल्यावर ‘माउंट’ ही आज्ञा देऊन हा मुख्य फोल्डर ‘सी’ ड्राइव्ह म्हणून जोडला जातो. सीडीवर आलेल्या खेळांसाठी ‘इमेजमाउंट’ ही वेगळी आज्ञा आहे. तिचे इंग्रजी स्पेलिंग मात्र ‘आयएमजी’ या अक्षरांनी सुरू होते. बहुतेक खेळ आपली प्रगती स्वतःच्याच फोल्डरमध्ये नोंदवितात. त्यामुळे खेळण्यापूर्वी मूळ फोल्डरची झिप प्रत वेगळी काढून ठेवावी.

यानंतर येतो वेगाचा प्रश्न, आणि खरी कसोटी येथेच लागते. आरंभीच्या काळातील कित्येक खेळांची गती संगणकाच्या प्रक्रियकाशी जखडलेली होती. १९९० मधील ‘विंग कमांडर’ हे याचे नेहमी दिले जाणारे उदाहरण. यंत्र जलद असेल, तर त्यातील अंतराळयाने आवरत नाहीत इतक्या वेगाने धावू लागतात. डॉसबॉक्समध्ये हा वेग ‘सायकल्स’ या आकड्याने ठरतो. मूळ मांडणीत तो स्वयंचलित असतो. साध्या खेळांना ३००० सायकल्स मिळतात, तर प्रगत पद्धतीने स्मृती वापरणाऱ्या खेळांना संगणकाला झेपेल तितका वेग दिला जातो. कंट्रोल आणि एफ१२ या कळा एकत्र दाबल्यास वेग वाढतो, कंट्रोल आणि एफ११ दाबल्यास कमी होतो. खेळ सुरू ठेवून आकडा हळूहळू बदलत जावे आणि योग्य वाटेल तेथे थांबून तो त्या खेळाच्या मांडणी फायलीत लिहून ठेवावा. सर्व खेळांना लागू पडेल असा एक आकडा अस्तित्वात नाही.

चित्राच्या बाबतीतही असाच एक बारकावा आहे. बहुसंख्य डॉस खेळांचे चित्र ३२० आडवे आणि २०० उभे बिंदू एवढे असे, परंतु ते ४:३ प्रमाणाच्या पडद्यावर भरून दिसे. याचा अर्थ प्रत्येक बिंदू रुंदीपेक्षा किंचित उंच होता आणि चित्रकारांनी त्याच हिशेबाने वर्तुळे, चेहरे व इमारती रेखाटल्या होत्या. आजच्या चौरस बिंदूंच्या पडद्यावर तेच चित्र चपटे दिसते. उंची १.२ पट केली की ते मूळ आकारात येते. त्यासाठी मांडणी फायलीतील ‘ॲस्पेक्ट’ हा पर्याय सुरू करावा लागतो. लहानपणी पाहिलेला राजपुत्र आज बुटका का भासतो, याचे उत्तर बहुधा येथे सापडते.

ध्वनीसाठी खेळाच्या फोल्डरमधील ‘सेटअप’ हा प्रोग्रॅम एकदा चालवावा आणि साउंड ब्लास्टर कार्ड निवडून पत्ता २२०, आयआरक्यू ७ व डीएमए १ ही मूल्ये द्यावीत. डॉसबॉक्सची मूळ मूल्ये हीच आहेत.

एवढे जमल्यावर फ्रंटएंड बसविण्यास हरकत नाही. विंडोजवरील ‘लाँचबॉक्स’चा जन्मच डॉसबॉक्सच्या खेळांसाठी झाला. खेळाचा फोल्डर आणि त्यातील मुख्य ईएक्सई फाईल दाखविली, की वेष्टनाचे चित्र व माहिती तो महाजालावरून मिळवितो. मूळ आवृत्ती विनामूल्य असून काही सोयींसाठी पैसे पडतात. ‘रेट्रोआर्क’ हा विंडोज, लिनक्स, मॅक आणि अँड्रॉइड या सर्वांवर चालतो. त्यात ‘डॉसबॉक्स प्युअर’ हा घटक घेतल्यास झिप फाईल न उघडताच खेळ सुरू होतो आणि प्रगतीची नोंद वेगळ्या फायलीत राहून मूळ प्रत अबाधित राहते. ज्यांना आज्ञा लिहिण्याचा कंटाळा आहे, त्यांना हा मार्ग अधिक सोयीचा.

फ्रंटएंडमधील एका सोयीकडे मात्र सहसा दुर्लक्ष होते. खेळाची माहितीपुस्तिका यादीला जोडून ठेवता येते. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’च्या डॉस आवृत्तीत पहिली पातळी ओलांडल्यावर अक्षरे लिहिलेल्या औषधांच्या बाटल्यांची खोली येते आणि कोणती बाटली प्यावी, हे पुस्तिकेतील विशिष्ट शब्दावरून ठरते. नक्कल रोखण्यासाठी योजलेली ही युक्ती होती. पुस्तिका हरवली तर मूळ खेळ हाती असूनही अडतो.

खेळ मिळवायचे कोठून, हा प्रश्न अधिक नाजूक आहे. ‘अबँडनवेअर’ म्हणजे मालकाने वाऱ्यावर सोडलेले खेळ, हा शब्द महाजालावर रूढ असला तरी कायद्यात त्याला स्थान नाही. भारताच्या १९५७ च्या प्रताधिकार कायद्यातील कलम ५२ नुसार, संगणक प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला तिची सुरक्षा-प्रत काढता येते. स्वतःजवळच्या फ्लॉपीची नक्कल करून ठेवणे आणि अनोळखी संकेतस्थळावरून खेळ उतरविणे यांत म्हणूनच फरक आहे.

दुसरीकडे, विकत घ्यावे म्हटले तरी सारे काही मिळतेच असे नाही. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार, त्या देशात २०१० पूर्वी प्रकाशित झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात उपलब्ध नव्हते. संशोधकांना असे खेळ ग्रंथालयांकडून दुरून पाहता यावेत, ही मागणी अमेरिकेच्या प्रताधिकार कार्यालयाने ऑक्टोबर २०२४ मध्ये अमान्य केली. चुंबकीय तबकड्या मात्र निर्णयासाठी थांबत नाहीत. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’चे निर्माते जॉर्डन मेकनर यांनाही ॲपल-२ संगणकासाठीची मूळ आज्ञावली हरवलीच असे वाटत होते. २०१२ मध्ये त्यांच्या वडिलांना घरात जुन्या तबकड्यांचा खोका सापडला आणि जाणकारांच्या मदतीने ती वाचून सर्वांसाठी खुली करण्यात आली. मुंबई आणि कोकणपट्टीच्या दमट हवेत ठेवलेल्या फ्लॉपींवर बुरशी धरते. ज्यांच्याकडे त्या आहेत त्यांनी यूएसबी फ्लॉपी ड्राइव्ह मिळवून साडेतीन इंची फ्लॉपींची प्रत आधी काढावी, मांडणीचे नंतर पाहावे. सव्वापाच इंची फ्लॉपींसाठी हा ड्राइव्ह चालत नाही. त्यांना जुना ड्राइव्ह आणि खास जोडणी लागते.

ज्यांच्याकडे जुने काहीच शिल्लक नाही, त्यांच्यासाठीही निर्धोक मार्ग आहेत. १९९३ च्या ‘डूम’चा पहिला भाग मुक्त वितरणासाठीच प्रसिद्ध झाला होता. १९९४ चा ‘बिनीथ अ स्टील स्काय’ २००३ मध्ये विनामूल्य करण्यात आला; त्यासाठी डॉसबॉक्सऐवजी ‘स्कमव्हीएम’ वापरावा. २००८ मध्ये सुरू झालेल्या ‘जीओजी’ या दुकानातील अनेक डॉस खेळ डॉसबॉक्ससह विकले जातात आणि त्यांचा फोल्डर जसाच्या तसा फ्रंटएंडमध्ये जोडता येतो. त्यासोबत आलेली मांडणी फाईल उघडून तिच्यात सायकल्सचा आकडा किती दिला आहे, हे पाहणे नवशिक्यांना विशेष उपयोगी पडते.