कुणाला सांगू नकोस

मागच्या वर्षी सेमिस्टरच्या परीक्षेआधी माझ्या डाव्या कोपराच्या वर एक पांढुरका चट्टा आला. खाज नाही, दुखणं नाही. मम्मीला दाखवला तर ती क्षणभर गप्पच झाली. मग हळू आवाजात म्हणाली, "कुणाला सांगू नकोस हं." आजीने दुसऱ्या दिवसापासून माझा टॉवेल वेगळ्या दांडीवर टाकायला सुरुवात केली. त्या रोगाचं नाव घरात कुणीच घेतलं नाही, पण मनात तिघींच्याही तेच होतं.

मी काय केलं? मे महिन्याच्या उकाड्यात पूर्ण बाह्यांचे कुडते घातले आणि तीन आठवडे डॉक्टरकडे गेले नाही. वर्गात मी समतेवर भाषणं करते. तरीही गेले नाही.

शेवटी गेले तेव्हा डॉक्टरबाईंनी मला डोळे मिटायला लावले आणि कापसाच्या टोकाने चट्ट्याला स्पर्श केला. "कुठे लावलं ते बोटाने दाखव." मी बरोबर दाखवलं. त्या म्हणाल्या, "साधं शिबं आहे. मलम देते." मी सुटकेचा श्वास सोडला. त्यांनी चष्म्यावरून पाहिलं आणि विचारलं, "आणि कुष्ठ असतं तर? काय झालं असतं? गोळ्या घेतल्या असत्या, कॉलेजला आली असतीस."

त्या प्रश्नाचं उत्तर मला तेव्हा देता आलं नाही. हा लेख म्हणजे ते उत्तर शोधायचा प्रयत्न आहे.

लाज, दोष आणि कलंक हे तीन शब्द आपण एकाच दमात वापरतो, पण त्यांची कामं वेगळी आहेत. लाज आपल्या आत असते. दोष दुसरा देतो, कारण त्याला घडलेल्या गोष्टीसाठी कुणीतरी जबाबदार हवा असतो. आणि कलंक म्हणजे गोष्ट संपली तरी माणसाला चिकटून राहणारी खूण. इंग्रजीतला 'स्टिग्मा' हा शब्द मूळ ग्रीक आहे, त्याचा अर्थच शरीरावरची खूण असा. समाजशास्त्रज्ञ अर्विंग गॉफमन यांनी 1963 साली याच नावाचं पुस्तक लिहिलं. त्यांचा मुद्दा थोडक्यात असा, की कलंक त्या खुणेत नसतो, खुणेकडे बघणारे आणि ती अंगावर असणारा यांच्या नात्यात असतो. माझ्या हातावरचा चट्टा तोच होता. त्याला 'शिबं' हे नाव मिळताच टॉवेल जुन्या दांडीवर परत आला.

आता रोगाकडे बघू. कुष्ठरोग एका जंतूमुळे होतो. नॉर्वेच्या हॅन्सन यांनी तो 1873 साली शोधला. शंभरातल्या सुमारे 95 जणांच्या शरीरात या जंतूला परतवायची ताकद मुळातच असते. उपचार न घेतलेल्या रुग्णाच्या दीर्घकाळच्या निकट सहवासातून तो पसरतो. हात मिळवून, शेजारी बसून होत नाही. रिफाम्पिसिन, डॅप्सोन आणि क्लोफाझिमिन या औषधांचा एकत्रित उपचार सहा महिने किंवा एक वर्ष घ्यायचा असतो आणि तो सरकारी दवाखान्यात फुकट मिळतो. औषध सुरू झाल्यावर थोड्याच काळात रुग्णाकडून लागण व्हायची थांबते.

मग बोटं झडतात ती कशाने? रोगाने ती गळून पडत नाहीत. जंतू मज्जातंतूंना इजा करतो, त्यामुळे हातापायाची संवेदना जाते. चुलीवरचं भांडं हाताला भाजतं, पायात खिळा जातो, पण कळत नाही. जखम चिघळते आणि पुढचं नुकसान त्यातून होतं. वेळेवर औषध मिळालं तर हे बहुतेक टळतं.

इथेच लाजेचं खरं काम दिसतं. लाजेमुळे माणूस चट्टा लपवतो. लपवल्यामुळे उपचाराला उशीर होतो. उशिरामुळे व्यंग येतं. आणि ते व्यंग बघून लोक म्हणतात, "बघा, किती भयंकर रोग!" म्हणजे पुढच्या माणसाला लपवायला आणखी एक कारण मिळालं. हे चक्र जंतू एकटा फिरवत नाही, त्याला आपण हात लावतो. भारताने 2005 च्या अखेरीला कुष्ठरोगाचं प्रमाण दहा हजारांत एकाच्या खाली आणलं. तरी आजही जगात दरवर्षी नोंदल्या जाणाऱ्या नव्या रुग्णांपैकी निम्म्याहून अधिक आपल्या देशात आहेत.

दोषाचं काय? हा रोग अंगात शिरल्यापासून दिसेपर्यंत बऱ्याचदा पाच-पाच वर्षं जातात, कधी वीससुद्धा. त्यामुळे 'कुणामुळे झाला' याला सहसा उत्तरच नसतं. पण रिकामी जागा आपल्याला सहन होत नाही. मग तिथे आपण पाप भरतो, मागचा जन्म भरतो, नाहीतर चारित्र्य.

आम्हा ख्रिस्ती लोकांनाही यातून सुटका नाही. जुन्या करारातल्या लेवीय पुस्तकाच्या 13 आणि 14 व्या अध्यायांत त्वचेच्या अशुद्धतेचे नियम आहेत. अशा माणसाने वस्तीबाहेर राहायचं, आपण अशुद्ध असल्याचं ओरडून सांगायचं. भाषांतरांत तिथे 'कुष्ठ' हा शब्द पडला. पण तेच नियम कपड्यांवरच्या आणि घराच्या भिंतीवरच्या डागांनाही आहेत, म्हणजे मूळ हिब्रू शब्दाचा अर्थ आजच्या कुष्ठरोगापुरता नव्हता. एका शब्दाच्या भाषांतराने केवढं ओझं कुणाच्या डोक्यावर दिलं! उलट मार्कच्या शुभवर्तमानात पहिल्याच अध्यायात येशू अशा माणसाला हात लावतो. आणि योहानच्या 9 व्या अध्यायात शिष्य जन्मांध माणसाकडे बघून विचारतात, पाप कुणाचं, याचं की आईबापांचं? येशू दोन्ही नाकारतो. हे उतारे मी मिस्सामध्ये कितीदा तरी ऐकलेत. कुडत्याची बाही खाली ओढताना एकही आठवला नाही.

फादर डेमियन यांची गोष्ट आम्ही कॅटेकिझमच्या वर्गात ऐकली होती. हवाई बेटांवर कुष्ठरोग्यांना मोलोकाई बेटावर नेऊन सोडत. 1873 मध्ये, म्हणजे हॅन्सन यांनी जंतू शोधला त्याच वर्षी, हे बेल्जियन धर्मगुरू तिथे राहायला गेले. पुढे त्यांनाही रोग झाला आणि 1889 मध्ये ते वारले. वर्गात सांगितलं नव्हतं ते असं, की त्यांच्या मृत्यूनंतर होनोलुलूतल्या रेव्हरंड हाइड नावाच्या पाळकांनी पत्रात लिहिलं, हा रोग त्यांना त्यांच्याच दुर्वर्तनाने झाला. सोळा वर्षं रुग्णांच्या जखमा बांधणाऱ्या माणसालाही दोष चुकला नाही! 'ट्रेझर आयलंड'चे लेखक स्टीव्हन्सन स्वतः मोलोकाईला जाऊन आले होते. त्यांनी 1890 मध्ये हाइडना जाहीर पत्र लिहून खणखणीत उत्तर दिलं. डेमियन 2009 मध्ये संत म्हणून घोषित झाले.

कलंक तर कायद्यातही शिरतो. रुग्णांना वेगळं ठेवणारा 1898 चा कायदा आपल्याकडे 2016 मध्ये रद्द झाला. कुष्ठरोग हे घटस्फोटाचं कारण 2019 पर्यंत मान्य होतं, हिंदू, मुस्लिम आणि ख्रिस्ती, सगळ्यांच्याच कायद्यांत. बऱ्या होणाऱ्या रोगासाठी! मम्मीच्या "कुणाला सांगू नकोस"मागे तिचा दुष्टपणा नव्हता. तिला माझ्या लग्नाची काळजी होती, आणि ती काळजी कायद्यानेच इतकी वर्षं पोसली होती.

कुणी म्हणेल, लाज नसेल तर समाज चालेल कसा? खरं आहे. लाच घेताना, कुणाला वाळीत टाकताना लाज वाटायलाच हवी. पण ती केलेल्या कृत्याची लाज. ती माफी मागायला लावते, सुधारायला लावते. चट्ट्याची लाज काय सुधारणार? तिथे केलेलं असं काही नसतंच. ती फक्त लपायला लावते.

बाबा आमटे यांनी स्वतः सांगितलं आहे, की तुळशीराम नावाच्या रुग्णाला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते घाबरून पळाले होते. मग परत फिरले, आणि पुढे वरोऱ्याजवळ आनंदवन उभं राहिलं. मला त्यांच्या कामाइतकंच ते पळणं मान्य करणं मोठं वाटतं.

डॉक्टरबाईंच्या प्रश्नाचं माझं उत्तर आता असं आहे: कुष्ठ असतं तर गोळ्यांनी मी बरी झाले असते, पण ते तीन आठवडे कदाचित तीन वर्षं झाली असती. हे मी मम्मी आणि आजीला वाचून दाखवलं. आजी बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "टॉवेलाचंपण लिहिलंस गं?"

"हो."

"असू दे," ती म्हणाली. "ज्याला चट्टा आलाय त्याला सांग मात्र, लवकर जा म्हणून."