विषाचा बाण, वाळूतले ठसे

कलहारी वाळवंटातल्या जुहोआन्सी बुशमन शिकाऱ्याचं धनुष्य पाहिलं, तर त्यानं जिराफ पडतो यावर विश्वास बसत नाही. धनुष्य हलकं, बाणाला पिसंही नाहीत. सगळी ताकद आहे ती एका भुंगेऱ्याच्या अळीत.

डायाम्फिडिया नावाचा हा भुंगेरा आपल्या गुग्गुळाच्या जातकुळीतल्या झुडपांवर वाढतो. त्याच्या अळ्या मुळांपाशी वाळूत उतरून कोश करतात. शिकारी ते कोश खणून काढतात आणि अळीच्या अंगातला द्रव बाणाला लावतात. टोकाला नव्हे, टोकामागच्या दांडीला, म्हणजे चुकून ओरखडा उठला तरी जिवावर बेतू नये. हे विष म्हणजे एक प्रथिन. रक्तात शिरलं की ते तांबड्या पेशी फोडत जातं. जखमेभोवतालचा भाग कापून टाकला की उरलेलं मांस खाता येतं.

पण विष सावकाश चढतं. मोठं हरीण कोसळायला एखादा दिवस लागतो, जिराफाला त्याहून जास्त. तोवर माग काढायचा. खुरांच्या ठशांतून जनावर नर की मादी, ते लंगडतंय का, हे शिकारी ओळखतात. रात्री फिरणाऱ्या किड्याची रेघ ठशावरून गेली असेल, तर जनावर त्याआधीच पुढे गेलेलं. दुपारचे ठसे झाडाच्या सावलीकडे वळतात. पुरावा, अंदाज, पडताळा, चुकलं तर नवा अंदाज. लुई लीबेनबर्ग या अभ्यासकानं १९९०मध्ये मांडलं, की विज्ञानाचं मूळ माग काढण्याच्या या कलेत असावं. मला ते मनापासून पटतं.

शिकार पडल्यावर मांस वाटण्याचा मान बाण ज्याचा त्याला, मारणाऱ्याला नाही. बाण तर भेट म्हणून, उसने म्हणून हातोहात फिरतात; त्यामुळे शिकारीला न गेलेली म्हातारी व्यक्तीही मांसाची मालक ठरते. १९६३पासून कलहारीतल्या दोबे भागात राहून अभ्यास करणाऱ्या रिचर्ड ली यांना आणखी एक रीत दिसली: शिकार कितीही मोठी असो, तिला नावं ठेवायची, म्हणजे मारणारा शेफारत नाही. रोजच्या जेवणाचा मोठा वाटा मात्र बायकांनी गोळा केलेल्या कंदांचा आणि मोंगोंगोच्या बियांचा.

पण ही शिकार आता सगळीकडे सुखानं चालत नाही. बोट्स्वानानं मध्य कलहारीच्या अभयारण्यातून बुशमनांना बाहेर काढलं. २००६मध्ये न्यायालयानं ते बेकायदा ठरवलं, तरी २०१४मध्ये देशभर शिकारबंदी आली. ती २०१९मध्ये उठली. वाघासाठी गावं हलवताना आपल्याकडेही जंगल वाचणारी माणसंच आधी बाहेर जातात, म्हणून हे मला फार लागतं. नामिबियातल्या न्याय न्याय भागात जुहोआन्सींना पारंपरिक हत्यारांनी शिकारीची मुभा आहे, आणि तिथं हा बाण अजून चालतो.