कल्याणकारी राज्य आधी पत्ता विचारते

नोएडातील आमच्या निवासी संकुलाच्या मागच्या फाटकावर सकाळी सहाच्या सुमारास रांग लागते. स्वयंपाक करणाऱ्या, धुणीभांडी करणाऱ्या, मुले सांभाळणाऱ्या बायका, गाड्या धुणारे तरुण, नळदुरुस्ती आणि रंगकाम करणारे कारागीर असे सगळे त्या रांगेत असतात. प्रत्येकाच्या गळ्यात ओळखपत्र असते आणि पहारेकरी ते पाहूनच आत सोडतो. रांगेत बांगला, मैथिली, भोजपुरी, बुंदेली असे सूर कानी पडतात. फाटकाच्या आत राहणारे आम्हीही बहुतेक बाहेरूनच आलो आहोत. आमच्या मजल्यावर एक तमिळ, एक पंजाबी आणि एक नागपूरचे मराठी कुटुंब आहे. मात्र आम्हाला कोणी परप्रांतीय म्हणत नाही. ते विशेषण रांगेतल्या माणसांसाठी राखून ठेवलेले असते.

आमच्याकडे काम करणाऱ्या बाई मालदा जिल्ह्यातल्या आहेत. त्यांचे पती बांधकामावर मजूर होते. गेल्या हिवाळ्यात ते परातीवरून पडले आणि त्यांच्या मांडीचे हाड मोडले. बांधकाम कामगारांसाठी १९९६ मध्ये केंद्रीय कायदा झाला. त्याच वर्षीच्या उपकर कायद्यानुसार बांधकाम खर्चाच्या एक ते दोन टक्के उपकर गोळा होऊ लागला आणि त्यातून नोंदणीकृत मजुरांना मदत मिळते. मजुराने मागील बारा महिन्यांत किमान ९० दिवस बांधकामावर काम केलेले असावे, एवढीच नोंदणीची मुख्य अट आहे. या माणसाने सात वर्षे तेच काम केले होते. पण ठेकेदार दाखल्यावर सही करायला तयार नव्हता आणि खोलीमालक भाडेकरार द्यायला तयार नव्हता. मी स्वतः त्यांच्याबरोबर संबंधित कार्यालयात गेलो. तेथील लिपिक सौजन्याने वागला. त्याने दाखवलेला नियमही बरोबर होता. परतताना बाई म्हणाल्या, ‘‘साहेब, गावी गेले की मी कागदावर असते. इथे आले की नसते.’’

पस्तीस वर्षे शासकीय सेवेत घालवलेल्या माणसाला हे वाक्य सहज विसरता येत नाही. पत्त्याचा पुरावा मागणारी परिपत्रके माझ्याच पिढीतील अधिकाऱ्यांनी काढली. काहींवर माझी सही आहे. अपात्र व्यक्तीला लाभ मिळू नये, याची आम्हाला फार काळजी असे. पात्र व्यक्ती बाहेर राहिली, तर त्याची नोंद मात्र कोणत्याही लेखापरीक्षणात होत नसे.

इतिहासाच्या विद्यार्थ्याला यात नवे काही दिसणार नाही. इंग्लंडमध्ये १६६२ साली वसाहतीचा एक कायदा झाला. गरिबांना मदत देण्याची जबाबदारी स्थानिक धर्मक्षेत्राची, म्हणजे पॅरिशची होती. नव्या कायद्याने पॅरिशला आपल्या हद्दीत आलेल्या आणि उद्या भार ठरू शकेल अशा गरिबाला त्याच्या मूळ पॅरिशमध्ये परत पाठवण्याची मुभा दिली. कष्ट जिथे हवे तिथे करावेत, आधार मात्र जन्मगावीच मागावा, असा हा व्यवहार होता. ॲडम स्मिथने १७७६ मध्ये या व्यवस्थेवर कठोर टीका केली. चीनने १९५८ मध्ये निवासनोंदणीची व्यवस्था कायद्याने पक्की केली. तीतही शहर उभारणारा ग्रामीण मजूर शहराच्या सोयींना दीर्घकाळ पारखा राहिला. आपल्या राज्यघटनेने देशात कोठेही जाण्याचे आणि स्थायिक होण्याचे स्वातंत्र्य दिले आहे. आपल्या कल्याण योजना मात्र अजून पॅरिशच्या चौकटीतच चालतात.

नोएडाचा जन्म १७ एप्रिल १९७६ रोजी, आणीबाणीच्या काळात, उत्तर प्रदेश औद्योगिक क्षेत्र विकास अधिनियमाखाली झाला. सेक्टर आखले गेले. उद्योग, निवास, व्यापार यांसाठी भूखंड ठरले. कारखान्यांत आणि घरांत राबणारे लोक कोठे राहतील, या प्रश्नाला आराखड्यात पुरेशी जागा मिळाली नाही. ते उत्तर निठारी, भंगेल, ममुरा, हरौला, बरौला यांसारख्या जुन्या गावांनी दिले. जमीन संपादित झाल्यावर उरलेल्या गावठाणात शेतकऱ्यांनी मजल्यावर मजले चढवले आणि एकेका खोलीत एकेक कुटुंब भाड्याने ठेवले. नियोजित शहर या अनियोजित खोल्यांच्या आधारावर उभे आहे.

जमीन देणाऱ्यांचा प्रश्नही येथे सरळ नव्हता. वाढीव मोबदल्यासाठी शेतकरी वर्षानुवर्षे आंदोलने करत राहिले. ऑक्टोबर २०११ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ६४.७ टक्के अतिरिक्त मोबदला आणि दहा टक्के विकसित जमीन देण्याचा आदेश दिला. हा मोठा न्याय होता, पण तो सातबाऱ्यासारख्या कागदावर नाव असलेल्यांसाठी होता. त्याच शेतांवर मजुरी करणारी भूमिहीन, बहुतांशी दलित कुटुंबे १८९४ च्या भूसंपादन कायद्याच्या दृष्टीने जवळपास अदृश्य होती. उपजीविका गमावणाऱ्या भूमिहीनांना बाधित कुटुंब मानणारा कायदा २०१३ मध्ये संमत झाला आणि १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला. नोएडाचा बराचसा भाग तोवर बांधून झाला होता.

कागदावर नसण्याची सर्वांत भीषण किंमत या शहराने २००६ मध्ये पाहिली. निठारीतून मुले नाहीशी होत होती. त्यांचे पालक मजूर, रिक्षाचालक, घरकामगार होते आणि पोलिस त्यांच्या तक्रारी गांभीर्याने घेत नव्हते. त्या वर्षाच्या डिसेंबरअखेर सेक्टर ३१ मधील एका बंगल्यामागच्या नाल्यात अवशेष सापडले, तेव्हा देश हादरला. पुढे दीर्घकाळ खटले चालले आणि अखेरीस आरोपी निर्दोष सुटले. मुले कोणी मारली, याचे उत्तर त्या आईबापांना आजही मिळालेले नाही. बेपत्ता बालकाच्या प्रत्येक तक्रारीवर गुन्हा नोंदवलाच पाहिजे, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने मे २०१३ मध्ये दिला. कल्याण म्हटले की आपल्याला धान्य आणि अनुदान आठवते. गरिबासाठी त्याची सुरुवात पोलिस ठाण्यात तक्रार लिहून घेतली जाण्यापासून होते.

२०२० च्या मार्चअखेरीस टाळेबंदी लागली, तेव्हा दिल्लीच्या आनंद विहार बसस्थानकावर जमलेली गर्दी साऱ्या देशाने पाहिली. त्यांतील अनेकांची शिधापत्रिका होती, पण ती गावच्या दुकानाशी जोडलेली होती. जून २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सर्व राज्यांना ३१ जुलैपर्यंत ‘एक देश, एक शिधापत्रिका’ योजना लागू करण्यास सांगितले. जून २०२२ पर्यंत सर्व राज्ये व केंद्रशासित प्रदेश तीत आले. आता एकाच शिधापत्रिकेवर कुटुंबाचा काही वाटा गावी आणि काही शहरात उचलता येतो. असंघटित कामगारांच्या ‘ई-श्रम’ नोंदणीनेही ३० कोटींचा टप्पा ओलांडला आहे. ही खरी प्रगती आहे आणि ती नाकारण्याचे कारण नाही.

मात्र धान्य स्थलांतरित झाले, बाकीचे कल्याण गावीच राहिले. गेल्या काही वर्षांत राज्याराज्यांत महिलांना थेट रोख मदत देणाऱ्या योजना आल्या. पश्चिम बंगालची ‘लक्ष्मीर भांडार’ आणि महाराष्ट्राची ‘माझी लाडकी बहीण’ ही त्यांची ठळक उदाहरणे होत. दोन्ही योजना आपापल्या राज्यातील रहिवाशांसाठी आहेत. आरोग्यविम्याची ‘आयुष्मान भारत’ योजना तत्त्वतः देशभर चालते. पण पश्चिम बंगाल जानेवारी २०१९ मध्ये तीतून बाहेर पडला आणि पुढे अनेक वर्षे तेथील मजुराला परराज्यात तिचा आधार नव्हता. दोन सरकारांच्या भांडणात रुग्णालयाचे दार मजुरासाठी बंद झाले. त्यातच अन्नसुरक्षा कायद्याची लाभार्थी मर्यादा आजही २०११ च्या जनगणनेवर बेतलेली आहे. तेव्हा नोएडाची लोकसंख्या सुमारे ६.३७ लाख होती.

भाषेचा प्रश्न या असमानतेला आणखी धार आणतो. जुलै २०१७ मध्ये सेक्टर ७८ मधील एका संकुलात घरकामगार महिलेला डांबून ठेवल्याच्या आरोपावरून तिच्या वस्तीतील लोकांनी दगडफेक केली. मालकांची बाजू वेगळी होती. पण काही दिवसांतच वादाचा विषय बदलला आणि वेतन, वागणूक हे मुद्दे मागे पडून या बायका बांगलादेशी आहेत का, याचीच चर्चा सुरू झाली. २०२५ च्या जुलैत शेजारच्या गुरुग्राममध्ये बांगला बोलणाऱ्या मजुरांची पडताळणी सुरू होताच अनेक कुटुंबे भीतीने गावी निघून गेली. बेकायदा घुसखोरी रोखणे हे राज्याचे कर्तव्य आहे, हे मी अधिकारी म्हणूनही मान्य करतो. पण भाषा हा नागरिकत्वाचा पुरावा नाही आणि नागरिकत्वाविरुद्धचाही पुरावा नाही. भाषेवरून माणसाची पारख करण्याचा मोह मुंबईसह प्रत्येक महानगराला कधी ना कधी झाला आहे.

या मजुरांनी दाद कोणाकडे मागावी? नोएडात नगरसेवक नाही. राज्यघटनेतील अनुच्छेद २४३-क्यूच्या परंतुकानुसार औद्योगिक नगरीला नगरपालिकेतून सूट देता येते. त्या आधारावर हे शहर नियुक्त अधिकाऱ्यांचे प्राधिकरण चालवते. गेल्या दशकात येथील गावांच्या ग्रामपंचायतीही संपुष्टात आल्या. सदनिकाधारकांकडे रहिवासी संघटना आहेत, वकील आहेत, इंग्रजी वृत्तपत्रे आहेत. मजुराचे मत गावच्या मतदारयादीत असते आणि त्याचा प्रश्न शहरात. म्हणून तो कोणाच्याच जाहीरनाम्यात येत नाही.

महाराष्ट्राच्या वाचकाला यावरचा एक उपाय परिचित आहे. १९६९ च्या माथाडी कायद्याने मालकाकडून मजुरी आणि तीवरील अधिभार मंडळामार्फत घेण्याची पद्धत रुजवली. माथाडी कामगार सातारा आणि पश्चिम महाराष्ट्राच्या इतर भागांतून मुंबईत आलेले स्थलांतरितच होते. त्यांचा भविष्यनिर्वाह निधी एका मालकावर किंवा गावच्या पत्त्यावर अवलंबून राहिला नाही; तो कामाशी जोडला गेला. पुढे बोगस टोळ्यांच्या आणि खंडणीच्या तक्रारी आल्या, त्या खऱ्याही होत्या. पण त्यामुळे मूळ तत्त्व चुकीचे ठरत नाही. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेली रोजगार हमी योजना १९७७ मध्ये कायदा झाली, तेव्हा शहरी पगारदारांचा व्यवसाय कर ग्रामीण मजुरांच्या कामाकडे वळवला गेला. शहर आणि गाव यांचे देणेघेणे त्या राज्याने उघडपणे मान्य केले होते. घरकामगारांसाठी महाराष्ट्राने २००८ मध्ये मंडळाचा कायदा केला. देशपातळीवर अशा कायद्याचा विचार करण्यास सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये केंद्राला सांगितले.

खर्च कोणत्या राज्याने करायचा, हा आक्षेप येथे हमखास घेतला जातो. त्याचे उत्तर आपल्याच करव्यवस्थेत आहे. वस्तू व सेवा कर उपभोगाच्या ठिकाणी जमा होतो. मालद्याची बाई नोएडात साबण, चप्पल किंवा मोबाइलचे रिचार्ज घेते, तेव्हा करातील राज्याचा वाटा उत्तर प्रदेशला मिळतो. तिच्याकडून कर घेताना पत्त्याचा पुरावा कोणी मागत नाही. आंतरराज्य व्यापारातील कराचा हिशेब राज्याराज्यांत चुकता करणारी यंत्रणा जर आपण उभारू शकलो, तर आरोग्य आणि बालसंगोपनाच्या खर्चाचा असाच हिशेब ठेवणे अशक्य नाही. याच्या जोडीला स्वयंघोषित पत्ता स्थानिक चौकशीनंतर ग्राह्य धरावा, ठेकेदाराच्या दाखल्याला हजेरी किंवा सहकाऱ्यांच्या साक्षीचा पर्याय द्यावा, निवासी संकुलांच्या देखभाल शुल्कातून घरकामगार मंडळासाठी लहानसा अधिभार घ्यावा आणि नोएडाला निवडून आलेली स्थानिक संस्था मिळावी. यांतील एकही गोष्ट प्रशासकीयदृष्ट्या अवघड नाही. शेवटची राजकीयदृष्ट्या अवघड आहे, आणि म्हणूनच सर्वांत आवश्यक आहे.

बाईंचे पती आता काठीच्या आधाराने चालतात. परातीवर चढणे त्यांना शक्य नाही. ते एका गोदामावर रात्रीचा पहारा करतात. ज्या इमारतीवरून ते पडले, ती पूर्ण झाली असून तिच्या मागच्या फाटकावरही आता सकाळी रांग लागते. एका जुन्या सहकाऱ्याच्या साक्षीसह आम्ही त्यांच्या नोंदणीचा अर्ज पुन्हा दाखल केला आहे. तो प्रलंबित आहे.

(लेखक निवृत्त सनदी अधिकारी आहेत.)