कल्याणच्या बत्तीस तबकड्या आणि प्रकाशाचे कोडे

जवळजवळच्या दोन फटींतून प्रकाश सोडला, तर समोरच्या पडद्यावर दोन उजळ रेघा उमटत नाहीत; उजेड आणि अंधार यांचे आळीपाळीने पट्टे उमटतात. दोन्ही फटींतून आलेल्या लाटांचे उंचवटे एकत्र पोहोचतात तिथे उजेड, आणि एकीच्या उंचवट्यावर दुसरीचा खळगा येतो तिथे अंधार. बारावीच्या विद्यार्थ्याला हे पाठ असते. पट्ट्यांमधल्या अंतराचे सूत्रही त्याला येते: तरंगलांबी गुणिले पडद्याचे अंतर, भागिले फटींमधले अंतर. पण या प्रयोगाची गोष्ट थॉमस यंगपासून निघते ती फोटॉनवर आणि तिथून थेट क्वांटमच्या गूढावर जाऊन पोहोचते. मधले एक सबंध प्रकरण त्यात गाळले जाते. ते प्रकरण रेडिओ खगोलशास्त्राचे आहे, आणि त्याची काही महत्त्वाची पाने घाटकोपर, मुलुंड, ठाणे ओलांडून पुढे गेल्यावर लागणाऱ्या कल्याणला लिहिली गेली आहेत.

यंगने 24 नोव्हेंबर 1803 रोजी रॉयल सोसायटीपुढे जो प्रयोग सांगितला, त्यात फटी नव्हत्याच. खिडकीच्या झडपेला बारीक भोक पाडून त्याने सूर्यकिरण आत घेतला आणि त्याच्या वाटेत पुठ्ठ्याची एक अरुंद पट्टी धरली. तिची रुंदी इंचाच्या तिसाव्या भागाएवढी, म्हणजे मिलिमीटरहूनही कमी. पट्टीच्या सावलीत त्याला उभे पट्टे दिसले. मग त्याने पट्टीच्या एका बाजूचा प्रकाश अडवला आणि सावलीतले पट्टे नाहीसे झाले. दुसऱ्या बाजूचा प्रकाश तर जशाचा तसा येत होता! पट्टे पडायला दोन्ही बाजूंचा प्रकाश लागतो, हे इतक्या साध्या युक्तीने सिद्ध झाले. पाठ्यपुस्तकांतली दोन छिद्रांची आकृती यंगच्या 1807 च्या व्याख्यानसंग्रहातून आली आहे; खरा धारदार पुरावा पुठ्ठ्याच्या पट्टीचाच होता.

हाच प्रयोग अंधेरी-बोरिवलीतल्या कुठल्याही घरात संध्याकाळी दिवे मालवून करता येतो. लाल लेझर पॉइंटरच्या तोंडासमोर डोक्यावरचा एक केस ताणून चिकटवायचा आणि झोत तीन मीटरवरच्या भिंतीवर टाकायचा. (झोतात डोळा कधीही आणायचा नाही.) भिंतीवर लाल ठिपक्याऐवजी आडवी पसरलेली लाल रेघ दिसते, आणि ती ठरावीक अंतरावर तुटलेली असते. लेझरची तरंगलांबी 650 नॅनोमीटर आणि केसाची जाडी 0.07 मिलिमीटर असेल, तर दोन तुटींमधले अंतर सुमारे 2.8 सेंटीमीटर भरते. ते साध्या फूटपट्टीने मोजता येते आणि सूत्र उलटे फिरवले की केसाची जाडी हाती येते. जे थेट मोजता येत नाही ते पट्ट्यांवरून काढता येते, ही या प्रयोगातली सर्वांत फलदायी गोष्ट आहे.

हीच गोष्ट आल्बर्ट मायकेलसनने ताऱ्यांना लावली. कितीही मोठ्या दुर्बिणीतून पाहिले तरी तारा त्या काळी टिंबासारखाच दिसे. मायकेलसनने कॅलिफोर्नियातल्या माउंट विल्सनच्या अडीच मीटर व्यासाच्या दुर्बिणीवर सहा मीटर लांबीची तुळई बसवली. तुळईवरच्या दोन आरशांनी दोन फटींचे काम करायचे होते. तारा खरोखर बिंदू असता तर आरसे कितीही लांब नेले तरी पट्टे टिकले असते. पण ताऱ्याला बिंब असेल तर बिंबाचा प्रत्येक भाग आपापले पट्टे पाडतो. ते एकमेकांपासून किंचित सरकलेले असतात आणि आरशांमधले अंतर पुरेसे वाढले की एकमेकांत मिसळून पुसले जातात. डिसेंबर 1920 मध्ये काक्षी ताऱ्याचे पट्टे आरसे सुमारे तीन मीटरवर असताना पुसले गेले आणि त्यावरून ताऱ्याचा कोनीय व्यास निघाला: 0.047 विकला. सूर्य सोडून दुसऱ्या ताऱ्याचा व्यास असा पहिल्यांदाच मोजला गेला.

रेडिओलहरींना हे तंत्र अधिकच मानवले. प्रकाशाच्या बाबतीत आरसे तरंगलांबीच्या अंशाइतके अचूक जागेवर ठेवावे लागतात, आणि ती तरंगलांबी मिलिमीटरच्या दोन हजाराव्या भागाएवढी असते. रेडिओलहरी मात्र काही सेंटीमीटरपासून काही मीटर लांबीच्या असतात. फटींच्या जागी तबकड्या ठेवायच्या, त्यांचे संकेत तारांनी एकत्र आणायचे, की झाला दोन फटींचा प्रयोग. तबकड्या दोनाऐवजी अनेक, समान अंतरावर ठेवल्या तर उजळ पट्टे बारीक आणि रेखीव होतात. सिडनीजवळच्या पॉट्स हिल इथे क्रिस्टियनसन यांनी 1950 च्या दशकाच्या सुरुवातीला सहा फूट व्यासाच्या 32 तबकड्यांची अशी रांग उभारली होती. कोलंबो योजनेखाली तिथे शिकायला गेलेल्या दोघा भारतीयांत गोविंद स्वरूप होते.

ती रांग ऑस्ट्रेलियाच्या कामाची उरली नाही, तेव्हा तबकड्या मोडीत जाण्याऐवजी भारताला मिळाव्यात म्हणून स्वरूप यांनी खटपट केली. तबकड्या देणगीदाखल मिळाल्या, पण त्या दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत पोहोचेपर्यंत स्वरूप अमेरिकेला गेले होते आणि तबकड्या तशाच पडून राहिल्या. 1961 मध्ये परदेशातल्या चार भारतीय रेडिओ खगोलशास्त्रज्ञांनी मायदेशातल्या संस्थांना एकत्रित प्रस्ताव धाडला. होमी भाभांनी तो तत्परतेने उचलला, आणि 1963 मध्ये स्वरूप मुंबईत टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रुजू झाले. दिल्लीत पडलेल्या तबकड्या मग कल्याणला आणल्या गेल्या, आणि 1965 मध्ये भारतातली पहिली मोठी रेडिओ दुर्बीण तिथे चालू झाली.

तिची रचना पाहण्यासारखी होती. 24 तबकड्या पूर्व-पश्चिम 630 मीटरांत आणि 8 तबकड्या दक्षिणोत्तर 256 मीटरांत. कंप्रता 610 मेगाहर्ट्झ, म्हणजे तरंगलांबी 49 सेंटीमीटर. पूर्व-पश्चिम रांगेत दोन तबकड्यांमधले अंतर सरासरी 27 मीटर येते. यंगचे सूत्र लावले तर आकाशात लागोपाठच्या दोन उजळ पट्ट्यांमध्ये सुमारे एक अंश अंतर पडते, आणि सूर्याचे बिंब अर्ध्या अंशाचे आहे. त्यामुळे एका वेळी एकच पट्टा सूर्यावर येतो. पट्ट्याची स्वतःची जाडी अंशाच्या वीस-पंचविसाव्या भागाएवढी. पृथ्वी फिरते तसा सूर्य त्या पट्ट्याखालून सरकतो आणि त्याच्या बिंबाचे काप आपोआप नोंदले जातात. इथे पडदा आणि उगम यांची अदलाबदल झाली आहे: पट्टे आकाशात पसरलेले, आणि सूर्यच त्यांच्यावरून फिरणारा. आकडे इतके नेमके जुळवून आणणाऱ्या माणसाला दाद द्यावी तेवढी थोडी.

खरे कष्ट तारांचे होते. 49 सेंटीमीटरची लाट, म्हणजे एखाद्या तारेची विद्युत्-लांबी साडेचोवीस सेंटीमीटरने चुकली की त्या तबकडीचा उंचवटा इतरांच्या खळग्यात पडणार. ढोलपथकात टोकाचा एक जण अर्ध्या ठोक्याने मागे राहिला तर साऱ्या रांगेचा ताल बिघडतो, तसेच हे. शिवाय तारा उन्हाने तापून लांबतात. दूरवरच्या तबकडीपर्यंत संकेत पाठवून आणि परत आणून हा फरक मोजण्याची पद्धत स्वरूप यांनी स्टॅनफर्डला असताना यांग या सहकाऱ्यासोबत काढली होती.

कल्याणच्या निरीक्षणांत सूर्यबिंबाच्या कडा 610 मेगाहर्ट्झला मध्यापेक्षा उजळ आढळल्या आणि प्रभामंडलाचे तापमान सुमारे दहा लाख अंश निघाले. हे काम आयात केलेल्या झगमगीत यंत्रावर नव्हे, तर दुसऱ्यांनी टाकून दिलेल्या तबकड्यांवर झाले.

आता फोटॉन. प्रकाश कणांच्या रूपाने शोषला जातो, हे आईनस्टाईनने 1905 मध्ये मांडले. मग कण दोन फटींतून जातो कसा? केंब्रिजच्या जेफ्री टेलरने 1909 मध्ये काजळलेल्या काचांनी प्रकाश अतिशय मंद केला आणि सुईच्या सावलीचे छायाचित्र घेतले. सर्वांत लांब छायाचित्रासाठी त्याने प्रकाश सुमारे 2000 तास पडू दिला होता. पट्टे तसेच उमटले. एकेकट्या फोटॉनचा पुरावा म्हणून हा प्रयोग अजूनही सांगितला जातो, पण ते पूर्णांशाने बरोबर नाही. मंद दिव्याच्या प्रकाशातही फोटॉन कधी कधी जोडीने येतात. एका वेळी एकच फोटॉन असल्याची खात्री पॅरिसजवळ ग्रँजिए, रॉजर आणि अ‍ॅस्पे यांनी 1986 मध्ये दिली. त्यांचा फोटॉन अर्धपारदर्शक आरशावर कधीच दुभंगला नाही, आणि दोन्ही वाटा पुन्हा एकत्र आणल्या तेव्हा पट्टेही पडले.

कल्याणला फोटॉनचा प्रश्न कुणाला पडला नाही, याला कारण आहे. 610 मेगाहर्ट्झच्या फोटॉनची ऊर्जा हिरव्या प्रकाशाच्या फोटॉनच्या सुमारे नऊ लाखाव्या भागाएवढी असते. साध्या खोलीच्या उष्णतेतली सरासरी ऊर्जाही तिच्या दहा हजार पट. असे फोटॉन सुटे मोजता येत नाहीत. त्यांचा लोंढा येतो आणि लोंढ्याला लाट म्हटले की गणित चोख बसते. पण रेडिओ खगोलशास्त्रज्ञांनी लाटांवरच विचार केला, म्हणूनच त्यांना एक नवी गोष्ट सापडली.

निलगिरीतल्या अरुवनकाडूला 1916 मध्ये जन्मलेले रॉबर्ट हॅनबरी ब्राउन मँचेस्टरजवळ रेडिओ दुर्बिणींवर काम करत होते. दोन अँटेनांचे संकेत लाटांच्या उंचवट्यांनिशी जुळवण्याऐवजी नुसत्या तीव्रतेतले चढउतार ताडून पाहायचे, अशी त्यांची कल्पना होती. कोलकात्याहून गेलेले मृणालकुमार दासगुप्ता आणि रॉजर जेनिसन यांनी ती प्रत्यक्षात आणली. 1953 मध्ये हंस तारकासमूहातला ‘सिग्नस ए’ हा रेडिओस्रोत दुहेरी असल्याचे त्या दोघांनी दाखवले. दासगुप्तांचे नाव आपल्याकडे शाळेत ऐकू येत नाही, ही खंत वाटण्याजोगी बाब आहे. पुढे 1956 मध्ये हॅनबरी ब्राउन आणि ट्विस यांनी हीच युक्ती दृश्य प्रकाशावर चालवली, तेव्हा नामवंत भौतिकशास्त्रज्ञ संतापले: दोन वेगवेगळ्या ठिकाणी पडणाऱ्या फोटॉनांचा परस्परांशी संबंध कसा असेल? एडवर्ड पर्सेलने त्याच वर्षी उत्तर दिले. फोटॉन सत्येंद्रनाथ बोस यांच्या 1924 च्या सांख्यिकीप्रमाणे वागतात, आणि त्या हिशेबात त्यांनी घोळक्याने येणेच अपेक्षित आहे. फोटॉनच्या आधुनिक अभ्यासाला, म्हणजे क्वांटम प्रकाशशास्त्राला, या वादातून चालना मिळाली.

उरतो तो सर्वांत चिवट प्रश्न. फोटॉन कोणत्या फटीतून गेला हे कळले की पट्टे जातात. मग रेडिओ दुर्बिणीत प्रत्येक तबकडी आपला संकेत आधी वाढवते आणि नंतर जुळवते. फोटॉन कोणत्या तबकडीत आला हे तिथेच कळत नाही का? 1969 मध्ये बर्नार्ड बर्क यांनी ‘नेचर’मध्ये या विरोधाभासाचा छडा लावला. लाटेचा ताल राखून संकेत वाढवणारे कोणतेही यंत्र स्वतःचे थोडे फोटॉन त्यात मिसळतेच. कितीही उत्तम यंत्र बनवले तरी ही भेसळ टळत नाही, आणि तीच आलेल्या एकट्या फोटॉनचा माग पुसून टाकायला पुरते. ताल हवा तर माग सोडावा लागतो.

जुलै 2025 मध्ये एमआयटीच्या वोल्फगांग केटरले यांच्या गटाने अतिशीत अणूंनाच फटी बनवून हा नियम नव्याने तपासला. त्यावर ‘आईनस्टाईन चुकला’ असे मथळे झळकले. ते उतावीळ होते: वाट आणि पट्टे दोन्ही एकाच वेळी मिळू शकतील या आईनस्टाईनच्या मताविरुद्ध नील्स बोरचे म्हणणे बरोबर, हे भौतिकशास्त्रात कित्येक दशके मान्य आहे. नवे आहे ते एकेका अणूवर हुकूम चालवण्याचे कौशल्य, आणि कौतुक त्याचेच व्हायला हवे.

कल्याणचा वारसा आज जुन्नर तालुक्यात नारायणगावजवळच्या खोडदला आहे. स्वरूप यांच्याच नेतृत्वाखाली उभ्या राहिलेल्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीत 45 मीटर व्यासाच्या 30 तबकड्या 25 किलोमीटरच्या परिसरात पसरल्या आहेत. त्यांच्या 435 जोड्या होतात, आणि प्रत्येक जोडी म्हणजे यंगचा एक प्रयोग. राष्ट्रीय विज्ञान दिनाच्या सुमारास, फेब्रुवारीअखेर, तिथे लोकांसाठी प्रदर्शन भरते. मुलुंड-घाटकोपरहून कल्याण, मुरबाड, माळशेज घाट, आळेफाटा अशी वाट आहे. बारावीच्या मुलांना घेऊन जावे आणि फोटॉन कोणत्या तबकडीत येतो, हे तिथल्या शास्त्रज्ञांना जरूर विचारायला लावावे.