तमाशाविषयक ग्रंथ आणि संगीत बारी : शिरूर-दौंड परिसराच्या निमित्ताने

तमाशा व लावणी या विषयांवर मराठीत ग्रंथ नाहीत, असे आता म्हणता येणार नाही. उणीव आहे ती हे ग्रंथ एकमेकांशेजारी ठेवून वाचण्याची. पदव्युत्तर वर्गात लावणी शिकविताना आपण शाहिरांच्या रचना हाती घेतो. कलावंत स्त्रीची जात व तिचे श्रम हा समाजशास्त्राचा प्रांत मानला जातो. कलावंतांच्या घरातून आलेले आत्मकथन दलित-भटक्यांच्या साहित्याच्या अभ्यासपत्रिकेत जाते. एकाच कलेविषयीची पुस्तके अशी तीन कपाटांत विभागली जातात. ग्रंथाने कोणते साधन प्रमाण मानले, यावर त्याचे आकलन आणि त्याची मर्यादा ठरते, हा मुद्दा शिरूर व दौंड या दोन तालुक्यांच्या आधारे प्रस्तुत लेखात मांडावयाचा आहे.

हे तालुके निवडण्यास कारण आहे. भीमेच्या अलीकडे-पलीकडे असलेल्या या शेजारी तालुक्यांत तमाशाची दोन भिन्न रूपे दिसतात. शिरूर तालुक्यातील कवठे येमाई या गावचे शाहीर बशीर मोमीन कवठेकर (१९४७-२०२१) यांनी अनेक फडांसाठी वग व लावण्या लिहिल्या. राज्य शासनाचा विठाबाई नारायणगावकर जीवनगौरव पुरस्कारही त्यांना लाभला. ही ढोलकी फडाची परंपरा होय. फड गावोगावच्या जत्रांत फिरतो. गण, गवळण, बतावणी आणि वग असा त्याचा क्रम असतो. त्याला लेखक लागतो, आणि लेखक असल्यामुळे संहिताही मागे उरते. दौंड तालुक्यात पुणे-सोलापूर मार्गावरील चौफुला हे ठिकाण मात्र संगीत बारीच्या थिएटरांसाठी ओळखले जाते. येथे वग नसतो. स्त्रियांच्या पार्ट्या थिएटरच्या आश्रयाने राहतात, आपापल्या पाळीला रंगमंचावर येतात, आणि खाजगी बैठकीत रसिकांच्या फर्माइशीनुसार गातात. पार्टी बहुधा मालकिणीच्या नावाने चालते. येथील ज्ञान लिहिलेले नसून गळ्यात व हातात साठविलेले असते.

आता ग्रंथांकडे वळू. शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्यासारख्या संपादकांनी शाहिरांच्या रचना संकलित केल्या नसत्या, तर राम जोशी, होनाजी यांची बरीचशी कविता आपल्या हाती लागली नसती. पुढे म. वा. धोंड यांनी ‘मऱ्हाटी लावणी’ या ग्रंथात लावणीच्या परंपरेचा साक्षेपी विचार केला. या अभ्यासाचे ऋण मोठे आहे. परंतु संकलनाच्या या पद्धतीत ज्याच्या नावाची मुद्रा रचनेत असते तो कर्ता ठरतो, आणि जिने ती रचना लोकांसमोर उभी केली ती केवळ तिचे माध्यम ठरते. पठ्ठे बापूराव आणि पवळाबाई हिवरगावकर यांचे उदाहरण पुरेसे बोलके आहे. बापूरावांची कवने आपण अभ्यासतो. पवळाबाईंचा वाटा मात्र आख्यायिकेत सांगितला जातो. स्वातंत्र्योत्तर काळात शासनाने तमाशावर निर्बंध घातले आणि पुढे परिनिरीक्षणाची पद्धत आली, तेव्हा शासनानेही संहिताच मागितली. संपादक आणि परिनिरीक्षक यांचे हेतू वेगळे असले, तरी दोघांनीही कागदावरील शब्दालाच तमाशा मानले, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

या दृष्टीला पहिला मोठा छेद शर्मिला रेगे यांच्या लेखनाने दिला. १९९५ साली ‘काँट्रिब्यूशन्स टू इंडियन सोशिऑलॉजी’ या नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या निबंधात त्यांनी लावणी कलावंत स्त्रियांच्या लैंगिकतेवर व श्रमावर जातिव्यवस्थेने मिळविलेला ताबा विवेचनाच्या केंद्रस्थानी आणला. शैलजा पाईक यांच्या ‘द व्हल्गॅरिटी ऑफ कास्ट’ (२०२२) या ग्रंथाने ‘अश्लील’, ‘अस्सल’ आणि ‘माणुसकी’ या शब्दांचा तमाशातील दलित स्त्रियांच्या संदर्भात शोध घेतला. ‘अश्लील’ हा रचनेचा गुणधर्म नसून तो विशिष्ट जातीच्या स्त्रीवर मारलेला शिक्का आहे, हे या अभ्यासांतून स्पष्ट होते. शृंगारिक लावणीचे सौंदर्य सांगताना आपण तिच्या गायिकेविषयी मौन पाळतो. ते मौन निष्पाप राहत नाही.

तिसरे साधन म्हणजे आत्मकथन. डॉ. किशोर शांताबाई काळे यांचे ‘कोल्हाट्याचं पोर’ १९९४ साली ग्रंथालीने प्रसिद्ध केले. वडिलांच्या जागी आईचे नाव लावणारा हा लेखक चिरा उतरण्याची रूढी, मुलीच्या कमाईवर जगणारे घर आणि त्या घरातील पोरकेपण निर्भीडपणे सांगतो. काही वर्षांपूर्वी हे पुस्तक वर्गात चर्चेस घेतले असता चौफुल्याच्या बाजूने येणारी एक विद्यार्थिनी तासभर गप्प बसली होती. तास संपल्यावर तिने विचारले, “सर, हे लेकराने सांगितलं. आईने सांगितलं असतं तर असंच सांगितलं असतं का?” प्रस्तुत लेखकापाशी त्या वेळी उत्तर नव्हते. शांताबाई आपल्यापर्यंत पोहोचतात त्या मुलाच्या दुखावलेल्या स्मृतीतून. ती दुखापत खरी आहे. पण ते शांताबाईंचे स्वकथन नव्हे. शिवाय, सुटकेची कथा सांगणारे पुस्तक जे मागे सोडावयाचे आहे त्यातील कलेकडे थांबून पाहू शकत नाही, आणि तशी अपेक्षा त्याच्याकडून करणेही अन्यायाचे ठरेल.

भूषण कोरगावकर यांच्या ‘संगीत बारी’ (२०१४) या पुस्तकाचे महत्त्व येथे ध्यानात येते. थिएटरांत राहणाऱ्या कलावंत स्त्रियांशी दीर्घकाळ जोडलेल्या परिचयातून ते घडले आहे. त्यात या स्त्रिया दया वा निंदा यांचा विषय न होता आपल्या व्यवसायाच्या जाणकार म्हणून बोलतात. अर्थात सहवासातून लिहिलेल्या पुस्तकाचीही मर्यादा असते: स्नेहाने उघडलेले दार स्नेहापुरतेच उघडते, आणि कोणाचे काय छापावे याचा अंतिम निर्णय लेखकाचाच राहतो.

बैठकीच्या लावणीत एकच ओळ पुन्हा पुन्हा गाऊन प्रत्येक वेळी तिचा निराळा अर्थ अदाकारीने दाखविला जातो. पद्मश्री यमुनाबाई वाईकर (१९१५-२०१८) यांची ख्याती या अंगासाठी होती. छापील पानावर ती ओळ एकदाच येते. याचा अर्थ असा की, लावणीचा अर्थ निश्चित करणारी व्यक्ती पुष्कळदा तिचा रचनाकार नसून गायिका असते. हे मान्य केले, तर ‘लावणीचा कर्ता कोण?’ या आपल्या नेहमीच्या परीक्षेतील प्रश्नाचे उत्तरही बदलावे लागेल.

म्हणून वर उल्लेखिलेल्या ग्रंथांपैकी एखादा निवडून इतरांना बाद करणे हा मार्ग नव्हे. शब्द, श्रम, स्मृती आणि सहवास ही चार साधने परस्परांची तपासणी करतात. लावणीवर प्रबंधिका लिहिणाऱ्या विद्यार्थ्याने प्रत्येक ग्रंथाला तीन प्रश्न विचारावेत: याला माहिती कोणी दिली? ती देणाऱ्याला काय सांगता येण्याजोगे नव्हते? आणि ज्यांच्याविषयी हे लिहिले आहे, त्यांना ते वाचून आपली ओळख पटेल काय? चौफुला आपल्या महाविद्यालयांपासून दूर नाही. तेथे जाणाऱ्याने मात्र प्रश्नावली घेऊन जाण्याआधी श्रोता म्हणून जावे, कलावंताचा वेळ ही तिची रोजी आहे याचे भान ठेवावे, आणि तिच्या संमतीवाचून तिचे नाव लिहू नये.

त्या विद्यार्थिनीने वर्गात न विचारता वर्ग रिकामा झाल्यावर प्रश्न विचारला, ही गोष्ट अद्याप विसरता येत नाही. लोकरंजनावरील ग्रंथ ज्यांच्याविषयी आहेत त्यांची मुले आता आपल्या बाकांवर बसत आहेत. त्यांना आपला प्रश्न भर वर्गात विचारता यावा, अशा रीतीने हे ग्रंथ शिकविणे ही अध्यापकाची जबाबदारी आहे.