'मगर': युद्धकाळातले रणगाडावाहू जहाज

भारतीय नौदलाची पहिली 'मगर' दुसऱ्या महायुद्धासाठी बांधलेली होती. ब्रिटनच्या या 'एलएसटी' (रणगाडावाहू) जहाजाचा क्रमांक ३०११ होता आणि पुढे त्याला 'अ‍ॅव्हेंजर' हे नाव मिळाले. १९४९ मध्ये ते भारताकडे आले. पाण्यात आणि काठावर दोन्हीकडे वावरणाऱ्या प्राण्याचे नाव या जहाजाला अगदी शोभून दिसले.

धक्का नसलेल्या किनाऱ्यावर रणगाडे उतरवणे हे या जहाजाचे काम. तळ सपाट, नाळेला दोन दारे आणि आत उतरता रॅम्प. किनाऱ्याकडे जाताना जहाज मागचा नांगर खोल पाण्यात टाकते, पुढचे टोक वाळूत रुतवते, दारे उघडते. माल उतरला की तोच नांगर ओढून ते मागे सरकते. ही युक्ती खरोखर अफलातून आहे. मात्र सपाट तळामुळे भर समुद्रात जहाज फार डोलते.

१९७१ च्या भारत-पाक युद्धात 'मगर' पूर्व ताफ्यात होती. डिसेंबरमध्ये पूर्व पाकिस्तानातल्या कॉक्स बाजारला सैन्य उतरवायला मात्र 'घडियाल' आणि 'गुलदार' ही पोलंडमध्ये बांधलेली लहान जहाजे गेली. तिथे पाणी अपेक्षेपेक्षा खोल निघाले आणि काही जवान बुडाले. किनाऱ्याचा उतार आधी मोजणे किती महत्त्वाचे, हे त्यावरून कळते.

कोलकात्यात बांधलेली दुसरी 'मगर' १९८७ मध्ये दाखल झाली. मे २०२० मध्ये तिने मालदीवमधून भारतीयांना कोचीला आणले. ६ मे २०२३ रोजी ती कोची येथे निवृत्त झाली.